तारीख मागावी, सुटका मागूं नये

‘शहाण्यानें कोर्टाची पायरी चढूं नये’ ही म्हण आपल्या लोकांत इतकी रुळली आहे कीं, ती उच्चारतांना तिच्या खरेपणाविषयीं कोणास शंकाही येत नाहीं. जमिनीच्या बांधावरून तीन पिढ्या चाललेले दावे, वकिलाच्या ओसरीवर झिजलेले जोडे आणि तारखांवर तारखा पडतां पडतां पिकलेले केस ज्यांनीं पाहिले त्यांनीं ही म्हण केली. आणि ज्या अर्थानें त्यांनीं ती केली त्या अर्थानें ती खोटी आहे असें आम्हांसही म्हणावयाचें नाहीं. परंतु म्हण आपल्या जन्मस्थानापासून फार दूर गेली म्हणजे तिचें शहाणपण वाटेंतच सांडतें आणि मागें नुसता आळस उरतो. हीच म्हण आज न्यूजर्सी, कॅलिफोर्निया, लंडन येथील मराठी घरांत जाऊन बसली आहे, आणि जें काम तिच्या कर्त्यांच्या स्वप्नांतही नव्हतें त्या कामास ती जुंपली जात आहे. तें काम म्हणजे ज्यूरीचें बोलावणें चुकविणें.

ज्यांचीं मुलें किंवा भाचेपुतणे परदेशीं स्थायिक झाले आहेत अशा वाचकांस हा प्रकार निदान ऐकून तरी माहीत असेल. एके दिवशीं टपालानें सरकारी पाकीट येतें. अमुक दिवशीं अमुक न्यायालयांत ज्यूरीच्या कामासाठीं हजर राहावें, असा त्यांत हुकूम असतो. तो वाचून घरांत पहिला प्रश्न ‘हें काम काय आहे?’ असा निघत नाहीं. ‘यांतून सुटावें कसें?’ असा निघतो. मग मित्रमंडळींत चौकशी सुरू होते, आणि मागें कधीं जो या कामांतून युक्तीनें निसटला असेल त्यास त्या दिवसापुरता नाना फडणविसाचा मान मिळतो. या लेखांत आमचें म्हणणें एवढेंच आहे कीं, अडचण खरी असेल तर न्यायालयाकडे दुसरी तारीख मागणें हा सरळ व प्रतिष्ठेचा मार्ग आहे आणि तो कायद्यानेंच मोकळा ठेविला आहे. परंतु जेथें तारीख मागून भागतें तेथें सुटका मागणें म्हणजे कोणा अनोळखी आरोपीच्या ताटांतला न्याय काढून घेणें होय.

आपल्याकडे ‘तारीख मागणें’ या शब्दांसच वाईट वास येतो, हें आम्ही जाणतों. साक्षीदार आजारी, वकील परगांवीं, कागद सांपडत नाहींत, अशा सबबींवर आपले पक्षकार तारखा मागतात त्या बहुधा निकालाचा दिवस उगवूंच नये म्हणून. पण ज्यूररची मागणी जातीनेंच निराळी आहे. तो वादी नव्हे, प्रतिवादी नव्हे, साक्षीदारही नव्हे. निकाल लांबल्यानें त्याचें कवडीचें हित होत नाहीं. पक्षकार तारीख मागतो ती येणें टळावें म्हणून. ज्यूररनें ती मागावयाची ती येणें साधावें म्हणून. पहिली मागणी ही पळवाट आहे. दुसरी ही वचनचिठ्ठी आहे. शब्द एक असल्यामुळें आपले लोक दोहींस एकाच दांडीनें तोलतात, आणि मग ‘एकदां सूट मागितलीच, तर कायमचीच कां मागूं नये?’ असा उफराटा हिशेब मांडतात.

प्रथम नियम काय आहेत तें पाहूं, कारण यांतले पुष्कळसे भ्रम नुसत्या अज्ञानावर पोसलेले आहेत. इंग्लंड व वेल्स येथें मतदारयादींत नांव असलेल्या, १८ ते ७५ वर्षें वयाच्या आणि वयाच्या तेराव्या वर्षानंतर निदान पांच वर्षें त्या देशांत राहिलेल्या माणसांतून चिठ्ठ्या उचलाव्या तशीं नांवें निघतात. काम साधारणपणें दहा दिवसांचें. बोलावण्यास सात दिवसांच्या आंत उत्तर धाडावें लागतें, आणि कारणावांचून गैरहजर राहणारास एक हजार पौंडांपर्यंत दंड होऊं शकतो. पण शस्त्रक्रिया ठरलेली आहे, परीक्षा आहे, प्रवासाचे पैसे आधींच भरले आहेत, घरांत तान्हें मूल आहे, अशा कारणांसाठीं तारीख पुढें मागतां येते. मात्र ती एकदांच मिळते, आणि पुढील बारा महिन्यांत आपण केव्हां येऊं शकूं हें मागणारानेंच सांगावयाचें असतें. अमेरिकेंत संघराज्याच्या न्यायालयांपुरता १९६८ सालचा कायदा आहे. ज्यूरी ही समाजाच्या सर्व थरांतून, कोणाचीही निवड न करतां, केवळ योगायोगानें उचललेली असावी, हें त्याचें मूळ सूत्र. ज्यास अवाजवी हाल किंवा अतिशय गैरसोय सोसावी लागेल त्यास न्यायालय तेवढ्यापुरतें मोकळें करूं शकतें. आणि जो उगाच गैरहजर राहतो त्यास एक हजार डॉलरपर्यंत दंड, तीन दिवसांपर्यंत कैद किंवा लोकसेवेचें काम सांगतां येतें. घटकराज्यांचे नियम ज्याचे त्याचे निराळे आहेत. पण त्यांचाही कल असाच आहे. न्यूयॉर्कमध्यें पहिल्या वेळची पुढची तारीख दूरध्वनीवरून किंवा संगणकावरून घरबसल्या मागतां येते. कॅलिफोर्नियांत अंगावर पाजणाऱ्या आईस एक वर्षापर्यंत मुदत मिळते. शिवाय तेथें पहिल्या दिवशीं एकाद्या खटल्यावर नेमणूक झाली नाहीं तर बहुधा त्याच दिवशीं कर्तव्य संपतें. एवढें दार उघडें असतां खिडकीचे गज वाकवून बाहेर पडण्याचें कारण काय?

आतां त्या खिडकीचे प्रकार पाहा. पहिला सल्ला असा कीं, पाकीट मिळालेंच नाहीं असें समजावें. म्हणजे जो गृहस्थ आपल्या मुलास शाळेंतून आलेली चिठ्ठी लपविल्याबद्दल रागें भरतो, तोच स्वत: सरकारची चिठ्ठी फडताळांत लपवितो! दुसरा सल्ला, इंग्रजी नीट समजत नाहीं असें कळवावें. ज्यानें इंग्रजींतून पदव्या मिळविल्या, इंग्रजींतून नोकरी मिळविली, नागरिकत्वासाठीं इंग्रजींतून परीक्षा दिली आणि घरीं मुलांशीं मराठी बोलावयासही ज्यास वेळ सांपडत नाहीं, त्याचें इंग्रजी नेमकें न्यायालयाच्या दारांत आटतें, हा चमत्कार भाषाशास्त्रज्ञांनीं तपासण्यासारखा आहे. तिसरा सल्ला सर्वांत घातक. अमेरिकेंत निवडीपूर्वीं न्यायाधीश व वकील ज्यूररांस शपथेवर प्रश्न विचारतात. त्या वेळीं ‘अमुक जातीचे लोक गुन्हेगारच असतात’ किंवा ‘पोलीस सांगतात तें सर्व खरें’ असें कांहींतरी ठोकून द्यावें म्हणजे आपोआप घरीं पाठवितात, असें सांगतात. हा सल्ला देणारा हंसत हंसत देतो. परंतु तो काय शिकवीत आहे? न्यायमंदिरांत, शपथ घेऊन, स्वत:स द्वेष्टा म्हणवून घ्यावें, आणि त्याबद्दल बक्षीस म्हणून दुपारीं घरीं येऊन झोंपावें! जो माणूस खरोखर निःपक्षपाती आहे तोच पक्षपाताचें सोंग आणून बाहेर पडतो. मग त्या बारा खुर्च्यांवर उरावें कोणीं?

येथें एक भेद स्पष्ट केला पाहिजे. अमेरिकेंत ज्यूरर हा नागरिक असावा लागतो; परंतु पुष्कळ ठिकाणीं नांवें वाहन-परवान्याच्या यादींतूनही घेतलीं जात असल्यामुळें जो अद्याप भारताचाच नागरिक आहे त्याच्या घरींही पाकीट येऊन पडतें. त्यानें आपण नागरिक नाहीं असें कळवावें, म्हणजे विषय संपला. तें चुकविणें नव्हे, तें सत्य सांगणें आहे. उलट इंग्लंडांत राष्ट्रकुलाच्या देशांतून गेलेल्या रहिवाशांस मतदानाचा हक्क असल्यामुळें भारताचें पारपत्र खिशांत असलेला पुणेकरही तेथें ज्यूरींत बसूं शकतो. ज्यास परक्या देशानें आपल्या माणसांच्या बऱ्यावाईटाचा निवाडा करावयास बोलाविलें, त्यास तो अपमान वाटावा कीं मान, याचा विचार ज्याचा त्यानें करावा.

सुटका मागणाऱ्यांचा पहिला युक्तिवाद असा कीं, ‘एकट्या माझ्या नसण्यानें काय बिघडतें? मी नाहीं तर दुसरा येईल.’ दुसरा येईल हें खरें. पण तो कोणत्या प्रकारचा दुसरा येईल, याचा विचार हे लोक करीत नाहींत. योगायोगानें निघालेल्या यादींतून शिक्षित माणसें युक्तीनें गळालीं, गरीब माणसें नाइलाजानें गळालीं, आणि बायका सवलतीनें गळाल्या, म्हणजे जी उरते ती समाजाची ज्यूरी नव्हे. ती गाळलेल्या पिठांतला कोंडा आहे. सवलतीचा असा उपयोग झाल्याचें एक उदाहरण अमेरिकेच्या इतिहासांत प्रसिद्ध आहे. फ्लॉरिडा राज्यांत एके काळीं स्त्रियांस ज्यूरीच्या कामाची सक्ती नव्हती. ज्या बाईस हें काम करावयाचें असेल तिनें आपण होऊन नांव नोंदवावें, एवढीच अट होती. दिसावयास केवढी उदार सवलत! तेथें १९५७ सालीं ग्वेंडोलिन हॉइट या बाईवर नवऱ्याच्या खुनाचा खटला चालला. ज्या परगण्यांत तो चालला तेथें सुमारे ४६,००० स्त्रिया मतदार होत्या. पण ज्यूरीसाठीं नांव नोंदविलेल्या स्त्रिया अवघ्या २२० च्या आसपास. परिणाम असा कीं, तिच्या खटल्यांतली ज्यूरी झाडून सारी पुरुषांची होती, आणि तिनें बाईस दोषी ठरविलें. १९६१ सालीं वरिष्ठ न्यायालयानेंही, स्त्री ही घरसंसाराचें केंद्र असल्यामुळें तिला अशी मोकळीक देणें गैर नाहीं, म्हणून तो निर्णय उचलून धरला. हा अन्याय धुऊन निघण्यास १९७५ साल उजाडावें लागलें. त्या वर्षीं लुइझियाना राज्याचा असाच नियम त्याच न्यायालयानें घटनाबाह्य ठरविला. स्त्रियांस न बोलाविणें आणि त्यांस न येण्याची मुभा देणें यांत आरोपीच्या दृष्टीनें कांहींच फरक नव्हता. त्या ४६,००० बायकांपैकीं प्रत्येकीला, ‘एकट्या माझ्या नसण्यानें काय बिघडतें?’ असेंच वाटलें असेल.

शिवाय ज्यूरींत एकट्या माणसाचें वजन थोडें असतें हेंही खरें नाहीं. इंग्लंडांत बारांपैकीं दहांच्या बहुमतानें निर्णय देतां येतो; परंतु अमेरिकेंत गंभीर गुन्ह्याच्या खटल्यांत दोषी ठरविण्यास सर्वांचें एकमत लागतें, आणि २०२० सालापासून तर घटकराज्यांसही यांतून सूट उरलेली नाहीं. म्हणजे बारांपैकीं एकाची रास्त शंका अकरांस पुन: विचार करावयास लावूं शकते. ज्या खोलींत एका माणसाच्या ‘थांबा’ म्हणण्याला एवढें बळ आहे, त्या खोलींत न जाण्यासाठीं आपण एकटे आहों ही सबब सांगणें हास्यास्पद आहे. मतदानाच्या दिवशीं लाखांत एक होण्यासाठीं रांगेंत उभे राहावयाचें, आणि बारांत एक होण्याची पाळी आली कीं अंग चोरावयाचें, हा हिशेब आम्हांस तरी उलगडत नाहीं.

दुसरा युक्तिवाद वेळेच्या मोलाचा. ‘मी शस्त्रवैद्य आहें’, ‘माझ्यावांचून कचेरी अडते’, ‘माझा एक तास म्हणजे अमुक डॉलर’. हा युक्तिवाद पूर्वीं कायद्यासही पटत असे. वैद्य, वकील, धर्मोपदेशक इत्यादिकांस कामांतून वगळण्याची वहिवाट दोन्ही देशांत होती. पण न्यूयॉर्क राज्यानें १९९६ सालीं धंद्यावरून मिळणाऱ्या सर्व सवलती काढून टाकल्या. इंग्लंडनें २००३ च्या कायद्यानें तेंच केलें, आणि तेव्हांपासून न्यायाधीशासही ज्यूरर म्हणून बोलावणें येऊं शकतें. न्यूयॉर्कचे महापौर जुलियानी हे अधिकारावर असतांनाच १९९९ सालीं ज्यूरींत बसले. अमेरिकेचे माजी अध्यक्ष ओबामा यांस २०१७ सालीं शिकागो येथें बोलावणें आलें, तेव्हां ते चारचौघांसारखे हजर झाले. निवड झाली नाहीं म्हणून घरीं गेले. ज्याच्या हाताखालीं एक राष्ट्र आठ वर्षें चाललें तो माणूस एका सकाळीं न्यायालयाच्या बांकावर बसूं शकतो. पण आमच्या अमुक कंपनींतल्या तमुक विभागाच्या उपप्रमुखावांचून पृथ्वी फिरावयाची थांबते! वैद्यानें उद्यांची शस्त्रक्रिया टाकून यावें असें कोणीच म्हणत नाहीं. त्यानें दोन महिन्यांनंतरचा असा आठवडा सांगावा कीं, ज्यांत त्यानें अद्याप कोणास वेळ दिलेली नाहीं. ज्यास सुटीसाठीं सहा महिने आधीं आठवडा राखतां येतो, त्यास न्यायासाठीं तो राखतां येत नाहीं असें नव्हे. त्याला तो राखावयाचा नसतो.

तिसरा युक्तिवाद थोडा नाजूक आहे, आणि तो करणाऱ्याच्या मनांत कपट नसतें. ‘आपण तेथें उपरे. त्यांचे खून, त्यांच्या चोऱ्या, त्यांचीं भांडणें. त्यांत आपण कशाला पडावें?’ असें तो म्हणतो. हा विनय वरून गोड दिसतो. पण इतिहास ठाऊक असता तर तो तोंडांतून निघाला नसता. १९२३ सालीं भगतसिंग थिंड या शीख गृहस्थानें, ज्यानें पहिल्या महायुद्धांत अमेरिकेच्या सैन्यांत नोकरी केली होती, नागरिकत्व मागितलें असतां तेथील सर्वोच्च न्यायालयानें भारतीय माणूस गोरा ठरत नाहीं म्हणून तें नाकारलें. त्या निर्णयानें पूर्वीं मिळालेलें नागरिकत्वही कित्येकांचें काढून घेतलें गेलें. पुढें १९४६ सालच्या कायद्यानें भारतीयांस नागरिक होण्याची मुभा मिळाली. तरीही वर्षाकांठीं प्रवेश अवघ्या शंभरांस, आणि ती आडकाठी १९६५ सालच्या कायद्यानें निघाली. म्हणजे ज्या खुर्चीवर बसावयास बोलाविलें म्हणून आज आपला मुलगा कुरकुरतो, त्या खुर्चीच्या आसपास उभें राहण्याचाही हक्क थिंडला नव्हता. नागरिकत्वाची शपथ घेतांना समारंभाचीं छायाचित्रें घरोघर पाठवावयाचीं, पारपत्राची सोय आणि मताचा हक्क आनंदानें घ्यावयाचा, आणि त्याच ताटांतला एक कडू घांस आला कीं ‘आम्ही पाहुणे’ म्हणावयाचें, हें पाहुण्याचेंही लक्षण नव्हे आणि यजमानाचेंही नव्हे.

आणि मराठी माणसानें तर हा युक्तिवाद सर्वांच्या शेवटीं करावा. ज्यूरीच्या खुर्चीवर कोण बसतो याचें महत्त्व काय असतें, हें ज्या समाजास दोनदां, तेंही आपल्या सर्वांत मोठ्या पुढाऱ्याच्या अंगावरून शिकावें लागलें, तो समाज आमचा आहे. १८९७ सालीं मुंबईच्या हायकोर्टांत न्यायमूर्ति स्ट्रॅची यांजपुढें लोकमान्य टिळकांवर राजद्रोहाचा खटला चालला. ज्यूरींत नऊ असामी. सहा यूरोपियन, तीन हिंदी. सहांनीं दोषी म्हटलें, तिघांनीं निर्दोष म्हटलें. आणि टिळकांस अठरा महिन्यांची सक्तमजुरी झाली. पुढें १९०८ सालीं न्यायमूर्ति दावर यांजपुढें दुसरा खटला झाला. खास ज्यूरी नेमूं नये ही टिळकांच्या बाजूची विनंति नामंजूर झाली. सात यूरोपियन आणि दोन पारशी अशी ज्यूरी बसली. निर्णय झाला तो सात विरुद्ध दोन, आणि शिक्षा सहा वर्षें काळ्या पाण्याची. खटला कशावर? ‘केसरी’तल्या मराठी लेखांवर. ज्यूरींतल्या यूरोपियनांपुढें त्या लेखांचें भाषांतर होतें, आणि त्या भाषांतरांत मूळ अर्थाचा कसा विपर्यास झाला आहे हें समजावून देण्यासाठीं टिळकांस सुमारे २१ तास बोलावें लागलें. ज्या भाषेंत लेख लिहिला ती भाषा ज्यांच्या घरांत बोलली जाते अशीं चारपांच माणसें त्या खुर्च्यांवर असतीं, तर निकाल काय लागता याचा तर्क वाचकांनींच करावा. ज्यूरीचा निर्णय कांहींही असो, आपण निर्दोष आहों, या आशयाचे लोकमान्यांचे उद्गार आज मुंबईच्या त्याच इमारतींत संगमरवरावर कोरलेले आहेत. ते उद्गार आपण पाठ म्हणतों, त्यांवर भाषणें ठोकतों; पण त्यांतला ज्यूरीविषयींचा धडा मात्र घेत नाहीं. तो धडा असा कीं, ज्या समाजांतील माणसें ज्यूरींत नसतात त्या समाजांतील माणसाचा न्याय परक्याच्या समजुतीवर लटकत राहतो. त्या काळीं आमचीं माणसें ज्यूरींत पुरेशीं नव्हतीं, कारण त्यांस कोणी बसूं दिलें नाहीं. आज न्यूजर्सीच्या न्यायालयांत एकाद्या भारतीय दुकानदारावर, टॅक्सीवाल्यावर किंवा विद्यार्थ्यावर खटला उभा राहिला आणि त्याची बोली, त्याचे हावभाव, त्याची भीति समजणारा एकही माणूस ज्यूरींत नसला, तर त्याचा दोष आपल्या युक्तिबाज मित्रमंडळींकडेही जातो.

येथें प्रतिपक्षी एक प्रश्न टाकील, आणि तो टाळण्यासारखा नाहीं. ‘ज्यूरी एवढी थोर, तर खुद्द भारतानें ती कां सोडली?’ सोडली हें खरें. १९५९ सालीं मुंबईस नानावटी खटल्यांत ज्यूरीनें आठ विरुद्ध एक मतानें आरोपीस निर्दोष ठरविलें. सत्र न्यायाधीशानें तें न पटून प्रकरण हायकोर्टाकडे धाडलें. तेथें शिक्षा झाली, आणि १९६१ सालीं सर्वोच्च न्यायालयानें ती कायम केली. त्या एका खटल्यानें ज्यूरी बुडाली असें लोक म्हणतात तें पूर्ण खरें नव्हे. तत्पूर्वीं, १९५८ सालींच, विधि-आयोगानें ती बंद करावी अशी शिफारस केली होती, आणि १९७३ च्या फौजदारी संहितेंत तिचें नांवही उरलें नाहीं. आतां पारशी समाजाच्या वैवाहिक दाव्यांत न्यायाधीशासोबत पांच प्रतिनिधि बसतात, एवढाच तिचा अवशेष. ज्यूरी चुकते, भुलते, वर्तमानपत्रांच्या वाऱ्यानें वाहवते, हें सर्व आम्हांस मान्य आहे. परंतु ज्यूरी असावी कीं नसावी हा विधिमंडळाचा प्रश्न आहे. आणि ती जेथें आहे तेथें आज पिंजऱ्यांत उभ्या असलेल्या माणसाचा निवाडा तीच करणार आहे. दवाखाना नीट बांधलेला नाहीं म्हणून आज आलेल्या रोग्यास उपाशी ठेवण्यासारखाच हा न्याय झाला. किंबहुना ज्यूरी भुलते या आक्षेपावर उत्तर एकच: न भुलणाऱ्यांनीं तींत बसावें.

तथापि सारा दोष बोलाविलेल्याच्याच माथीं मारणें अन्यायाचें होईल. बोलाविणाऱ्यासही दोन शब्द सुनावले पाहिजेत. दुसरी तारीख हें औषध ज्याचा पगार चालू राहतो त्यास लागू पडतें. ज्याचें पोट रोजच्या मजुरीवर आहे, त्याला आजची तारीख आणि तीन महिन्यांनंतरची तारीख सारखीच उपासाची. कॅलिफोर्नियाच्या घटकराज्य-न्यायालयांत ज्यूररचा मूळ भत्ता दिवसाला १५ डॉलर, आणि तोही दुसऱ्या दिवसापासून. संघराज्याच्या न्यायालयांत ५० डॉलर. इंग्लंडांत बुडालेल्या मिळकतीबद्दल पहिल्या दहा दिवसांत रोज सुमारे ६५ पौंडांपर्यंत मिळतात. ज्यूरीला गेला म्हणून नोकरावरून काढतां येत नाहीं असें अमेरिकेचा कायदा सांगतो. पण त्या दिवसांचा पगार द्यावा असें तो सर्वत्र सांगत नाहीं. मोलकरीण, हमाल, फिरता विक्रेता यांनीं सुटका मागितली तर त्यांस आम्ही चुकार म्हणणार नाहीं. सॅन फ्रॅन्सिस्को येथें २०२२ सालापासून कमी मिळकतीच्या ज्यूररांस दिवसाला १०० डॉलर देण्याचा प्रयोग सुरू झाला, तो याच जाणिवेनें. तारखेचें दार रुंद असावें, सुटकेचें अरुंद असावें, आणि गरिबासाठीं दोहींपेक्षां भत्त्याची थैली मोठी असावी, असें आम्हांस वाटतें. पण गरिबाची ही खरी अडचण पुढें करून सुखवस्तु माणसानें आपली पाठ लपवावी, याइतकें ओंगळ दुसरें कांहीं नाहीं.

आतां तारीख मागावी कशी, याविषयीं थोडें सांगणें अवश्य आहे. कारण सद्बुद्धि असूनही ती चुकीच्या रीतीनें मागणारे पुष्कळ आहेत. पाकीट फोडल्या दिवशींच पंचांग पाहावें. शेवटच्या संध्याकाळपर्यंत थांबूं नये. ज्या कारणासाठीं येतां येत नाहीं तें एका वाक्यांत, जसें आहे तसें लिहावें. मुलीचें बाळंतपण जवळ आलें आहे. आईची मोतीबिंदूची शस्त्रक्रिया ठरली आहे. परीक्षेचा दिवस तोच आहे. पुण्याचें तिकीट बोलावणें येण्यापूर्वींच काढलें आहे. असल्या कारणांस अलंकारांची जरुरी नसते. कागद असेल तर जोडावा. आणि मुख्य गोष्ट, आपल्याला खरोखर पाळतां येईल अशीच तारीख सांगावी. पुष्कळ लोक जितकी लांबची मिळेल तितकी तारीख मागतात, जणु तोंवर न्यायालयच विसरून जाईल. मग ती नेमकी दिवाळींत किंवा महाराष्ट्र मंडळाच्या अधिवेशनांत येऊन उभी राहते, आणि ‘पुन: एकदां’ म्हणावयाची पाळी येते. पहिली मागणी अडचण सांगते. दुसरी स्वभाव सांगते. कामाचा कंटाळा, वाहनतळाचा त्रास, ‘मला रक्तपाताच्या गोष्टी ऐकवत नाहींत’, हीं कारणें तारखेसही पुरेशीं नाहींत, मग सुटकेस कोठून असणार? रक्तपाताच्या गोष्टी कोणासही ऐकवूं नयेत. पण ज्याचें रक्त सांडलें आणि ज्याच्यावर तें सांडल्याचा आळ आहे, त्या दोघांसही त्या कोणीतरी नीट ऐकून घेतल्यावांचून न्याय मिळत नाहीं.

ही कथा परदेशांतली म्हणून येथल्या वाचकानें निश्चिंत बसूं नये. निवडणुकीच्या कामाची नेमणूक आली कीं वैद्यकीय दाखला शोधणारे, पंचनाम्यास बोलाविलें कीं मागल्या दारानें निघून जाणारे, आणि अपघात पाहूनही ‘साक्षीची कटकट नको’ म्हणून पुढें चालणारे सुशिक्षित आपल्या आळींतही आहेत. परदेशच्या घरांत जो सल्ला दिला जातो तो याच मातींतून तिकडे गेला आहे. मुलगा दूरध्वनीवर ‘ज्यूरीचें बोलावणें आलें आहे’ असें सांगतो, तेव्हां येथून वडील काय उत्तर देतात यावर पुष्कळ अवलंबून आहे. ‘कांहींतरी सांगून सोडव’ असें म्हणणारा बाप मुलाचे दहा दिवस वांचवितो खरा. परंतु सार्वजनिक काम हें दुसऱ्याचें काम आहे, हा धडाही तो त्यास त्याच वेळीं देऊन टाकतो. त्याऐवजीं त्यानें एवढेंच विचारावें: ‘आतां जमत नसेल तर केव्हां जमेल?’

शहाण्यानें कोर्टाची पायरी चढूं नये, हें भांडकुदळास सांगितलेलें शहाणपण आहे. भांडण ज्याचें नाहीं, स्वार्थ ज्याचा नाहीं, आणि ज्याच्या शब्दावर दुसऱ्याचें आयुष्य लटकलें आहे, त्या शहाण्यानें ती पायरी चढलीच पाहिजे. कारण शहाणे ती चढले नाहींत तर वर बसणारे कोण असतील हें निराळें सांगावयास नको. आज पाय दुखत असेल तर उद्यां चढावी. पण उद्यां कोणता, तें आजच लिहून द्यावें.